सात काळजांचं मांजर

व्हॅनिलाच्या शेंगा हिरव्या असतानाच
आम्ही त्या टोचून ठेवतो,
बुचात खोवलेल्या टाचण्यांनी,
प्रत्येक शेंगेवर घराची खूण.
शेंग पिकते, काळी पडते, सुरकुतते.
खूण जात नाही.
आईची खूण : चार ठिपके सरळ, पाचवा जरा तिरका.
झाफिसोआ नाव तिचं.
तिला जाऊन पावणेदोन वर्षं झाली,
मी अजून तिचेच ठिपके टोचते.

जूनमध्ये इथे कुणी झोपत नाही.
मारोआन्त्सेत्राच्या बाजारात भाव चढला
की आमच्या टेकडीवर चोर चढतात.
म्हणून मी, एक कोयता, एक बॅटरी,
आणि थर्मासमध्ये भाताच्या खरपुडीचं कढत पाणी.

मावशी म्हणते, चोराला काय भ्यायचं,
त्या रानमांजराला भी.
काळं, कुत्र्याएवढं, जाड शेपटीचं,
सात काळजांचं.
एक काळीज भीतीला, एक भुकेला,
बाकी पाचांचं ते काय करतं
मला विचारू नकोस.

शहरातून आलेला एक पोरगा म्हणाला होता,
गावातलंच मांजर असणार,
रानात जाऊन माजलेलं.
त्याने आमची कोंबडी पाहिली नव्हती,
म्हणजे कोंबडीचं जे उरलं होतं ते.

परवा रात्री पानं वाजली.
बॅटरी मारली,
तर उजेडात आधी आला तो पतंग.
पिवळाजर्द, माझ्या पंजाहून मोठा,
मागे दोन लांब शेपट्या, टोकांना तांबूस,
जणू कुणी झोपेतून उठून चाललंय
आणि पांघरूण मागे घसटत येतंय.
थेट काचेवर बसला.

त्याला तोंड नसतं.
सुरवंट असताना खाल्लं ते खाल्लं.
मग रुपेरी कोश, भोकाभोकांचा,
पावसाचं पाणी आत साठू नये, निथळून जावं असा.
बाहेर आल्यावर चार-पाच रात्री,
सगळ्या उपाशी.

आमच्याकडे फुलपाखराला लोलो म्हणतात
आणि भुतालाही लोलोच.
दुसरा शब्द करायची कुणाला गरज पडली नाही.

आईने शेवटी शेवटी ओठ उघडले नाहीत.
मावशी चमचा धरून बसायची.
पाणी हनुवटीवरून निथळून जायचं.

उजेडाच्या पलीकडे झाओविता उभा होता,
नदीकाठच्या घरातला, सोळा वर्षांचा,
शर्टाच्या आत शेंगा, पोट फुगलेलं.
कोयता माझ्या हातात.
खालच्या गावात गेल्या साली एका पोराचं काय केलं
ते त्यालाही माहीत, मलाही.
एक हाक, की दहा घरांत दिवे लागले असते.

पण पतंग काचेवरून हलेना.
त्याच्या सावलीत त्या पोराचा चेहरा
अर्धा पिवळा, अर्धा नाहीसा.
"लोलो," तो ओठांतल्या ओठांत म्हणाला.
मग वाकून एकेक शेंग
पाहुण्याला पान वाढावं तशी
माझ्यासमोर मांडत गेला.

मी मोजल्या. एकोणीस.
तेवढ्याच अजून आत असाव्यात.
विचारलं नाही.
मला काळीज एकच आहे
आणि ते आधीच कुठे कुठे पुरवायचं होतं.

सकाळी खुराड्याची फळी उचकटलेली,
दोन कोंबड्या कमी.
चिखलात पंजा, माझ्या मुठीएवढा.
मावशी म्हणाली, बघ.
काहीतरी जिंकल्यासारखी म्हणाली.

पतंग पायरीवर पडला होता,
शेपट्या शाबूत.
मुंग्यांना बातमी लागली होती.

मग बाजारच्या दिवशी
झाओविताच्या आईच्या पाटीत मूठभर हिरव्या शेंगा :
चार ठिपके सरळ, पाचवा जरा तिरका.
मी भाव विचारला.
तिने माझ्याकडे पाहिलं, शेंगांकडे पाहिलं,
म्हणाली, तुझ्यासाठी कमी लावते.